उपयोग विचारायची घाई

घरातलं वयस्कर माणूस एकाएकी असंबद्ध बोलायला लागलं, की हल्ली पहिली शंका सोडियमची येते. शेजारीसुद्धा तब्येतीची चौकशी करताना "सोडियम किती आलं?" असं सराईतपणे विचारतात. १३५ ते १४५ ही त्याची कक्षा आता अनेकांना पाठ असते. हा आकडा येतो कुठून, हे मात्र सहसा कोणी विचारत नाही. बहुतेक लॅबमधल्या यंत्रात इलेक्ट्रोड असतो आणि तो हे काम करतो. आणखी एक पद्धत आहे. तिच्यात सोडियमला पकडणारा रेणू स्वतःच उजळतो, आणि तो किती उजळला यावरून रक्तात सोडियम किती ते कळतं. हातात उचलून नेता येईल एवढं यंत्र आणि एकदा वापरून टाकून द्यायची कॅसेट. 'ऑप्टी' या नावाने ते रुग्णालयांत आणि अँब्युलन्समध्ये गेलं. त्याचाच भाऊबंद जनावरांच्या दवाखान्यातही पोचला.

त्या उजळणाऱ्या रेणूंचा आराखडा ए. प्रसन्न डी सिल्वा या रसायनशास्त्रज्ञाचा. शिक्षण कोलंबो विद्यापीठात, पीएच.डी. उत्तर आयर्लंडमधल्या बेलफास्टच्या क्वीन्स युनिव्हर्सिटीत, मग पुन्हा कोलंबो, आणि १९८६पासून पुन्हा बेलफास्ट. श्रीलंकेत १९८३पासून यादवी पेटलेली होती, आणि बेलफास्टही त्या काळी काही निवांत शहर नव्हतं. गंमत म्हणजे रसायनशास्त्राच्या जगात हा माणूस रक्ततपासणीसाठी ओळखलाच जात नाही. त्याचं नाव निघतं ते १९९३ साली 'नेचर'मध्ये आलेल्या एका छोट्या लेखासाठी. एकच रेणू संगणकातल्या लॉजिक गेटसारखा, म्हणजे आत आलेले संकेत बघून बाहेर 'हो' किंवा 'नाही' सांगणाऱ्या भागासारखा, वागू शकतो, हे त्यात दाखवलं होतं.

ही कारकीर्द आत्ता आठवायचं कारण आपल्या खिशाशी निगडित आहे. १ जुलै २०२५ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळाने संशोधन, विकास आणि नवोन्मेषासाठी १ लाख कोटी रुपयांची योजना मंजूर केली. आकडा छाती दडपून टाकणारा आहे आणि त्याचं स्वागतच व्हायला हवं. पण अट वाचा. पैसे मिळणार ते 'टेक्नॉलॉजी रेडिनेस लेव्हल'च्या, म्हणजे तंत्रज्ञान वापरासाठी किती तयार आहे हे सांगणाऱ्या मोजपट्टीच्या, चौथ्या पायरीपासून पुढे गेलेल्या प्रकल्पांना, आणि तेही मुख्यतः खासगी क्षेत्राला, दीर्घ मुदतीच्या आणि कमी किंवा शून्य व्याजाच्या कर्जाच्या रूपात. ही नऊ पायऱ्यांची शिडी मुळात नासाची. पहिली पायरी म्हणजे तत्त्व दिसलं, दुसरी म्हणजे कल्पना मांडली, तिसरी म्हणजे कल्पना खरी ठरू शकते याचा पुरावा मिळाला. चौथीवर ती वस्तू प्रयोगशाळेत चालते असं सिद्ध झालेलं असतं. म्हणजे पहिल्या तीन पायऱ्या तुम्ही कशाच्या जोरावर चढलात, याच्याशी या योजनेला कर्तव्य नाही. त्या पायऱ्यांसाठी 'अनुसंधान नॅशनल रिसर्च फाउंडेशन' आहे, असं उत्तर मिळतं. तिथे ५ वर्षांत ५०,००० कोटी उभे करायचे ठरले आणि त्यातले सुमारे ३६,००० कोटी सरकारबाहेरून येतील असं गृहीत धरलं गेलं. ज्याचा उपयोग अजून कोणालाच सांगता येत नाही, त्याला कुठला उद्योगपती पैसे देणार आहे?

माझं म्हणणं असं की 'याचा उपयोग काय?' हा प्रश्न वाईट नाही, पण आपण तो फार लवकर विचारतो. आणि लवकर विचारला की शास्त्रज्ञ खोटं बोलायला शिकतात. डी सिल्वांच्या कामात या दोन्ही गोष्टी स्वच्छ दिसतात.

आधी तो रेणू नीट पाहू. अँथ्रासीन हा डांबरापासून मिळणारा पदार्थ. त्याचं पातळ द्रावण अंधाऱ्या खोलीत अतिनील दिव्याखाली धरलं की निळसर-जांभळं चमकतं. एम.एस्सी.च्या मुलांना हे पहिल्यांदा दाखवलं की क्षणभर सगळे गप्प होतात. आता या अँथ्रासीनला एका कार्बनच्या दुव्याने एक अमाइन जोडा. अमाइनमधल्या नायट्रोजनजवळ इलेक्ट्रॉनांची एक मोकळी जोडी असते. दिव्याचा प्रकाश पिऊन अँथ्रासीन उत्तेजित झालं की त्या जोडीतला एक इलेक्ट्रॉन अँथ्रासीनकडे उडी मारतो, आणि जी ऊर्जा प्रकाश होऊन बाहेर पडायची ती वाटेतच जिरते. चमक गायब. आता त्यात थेंबभर आम्ल टाका. आम्लातला प्रोटॉन नायट्रोजनच्या त्या जोडीवर येऊन बसतो, इलेक्ट्रॉनची उडी थांबते आणि निळा उजेड परत येतो. द्रावण आम्लधर्मी आहे हे रेणूने प्रकाशाने सांगितलं. हिरव्या पानात सूर्यप्रकाश पकडला जातो तिथेही सुरुवात प्रकाशाने इलेक्ट्रॉन हलवण्यापासूनच होते. इथे तीच हालचाल पाहिजे तेव्हा रोखायची सोय केली, एवढंच.

हे काम १९८५ साली लंडनच्या केमिकल सोसायटीच्या पत्रिकेत आलं, आणि ते कोलंबोचं होतं. डी सिल्वांच्या बरोबरीने आर. ए. डी. डी. रूपसिंघे हे दुसरं नाव त्यावर आहे. ते पान-दोन पानांचं टिपण होतं, ग्रंथ नव्हे. महत्त्वाची गोष्ट त्या एका रेणूत नव्हती, त्यामागच्या आराखड्यात होती: चमकणारा भाग, मधला दुवा, पकडणारा भाग. तिन्ही वेगवेगळे. पकडणारा भाग बदलला की तोच सांगाडा दुसऱ्या कशाची तरी बातमी देतो. पुढच्याच वर्षी साध्या अमाइनच्या जागी क्राउन ईथर बसवून अल्कली धातूंचे आयन पकडल्याचं काम आलं. तेही रक्तात नव्हे, साध्या मेथॅनॉलमध्ये.

हे क्राउन ईथर तरी कुठून आलं? अमेरिकेत ड्युपाँट कंपनीत चार्ल्स पेडरसन नावाचे रसायनज्ञ होते. जन्म कोरियातल्या बुसानचा, पीएच.डी. नाही. ते भलत्याच पदार्थाच्या मागे होते. क्रियेच्या शेवटी ०.४ टक्का एवढेसे पांढरे, रेशमी स्फटिक त्यांना नको असताना मिळाले. दुसऱ्या कोणी ते सिंकमध्ये ओतून दिले असते. यांनी ते तपासले, आणि अंगठीच्या आकाराचा तो रेणू सोडियम-पोटॅशियमला पोटात घेतो हे १९६७ साली जगाला सांगितलं. १९८७ साली त्यांना क्रॅम आणि लेन यांच्याबरोबर नोबेल मिळालं. इलेक्ट्रॉन उडी मारेल की नाही याचं गणित रेम आणि वेलर या जर्मन शास्त्रज्ञांनी १९७०च्या सुमारास मांडून ठेवलं होतं. पेडरसन, वेलर आणि कोलंबोची ती प्रयोगशाळा, यांपैकी कोणाच्याही डोक्यात रुग्णाचं सोडियम नव्हतं. यातल्या कोणाचाही अर्ज चौथ्या पायरीपर्यंत पोचला नसता.

तिथून रक्तापर्यंतची वाट सोपी होती असंही नाही. रक्तात सोडियम पोटॅशियमच्या जवळपास तीसपट असतं. म्हणजे पोटॅशियम मोजणाऱ्या रेणूला एवढ्या गर्दीत सोडियमकडे ढुंकूनही न बघता आपलाच आयन शोधावा लागतो. आणि पकड फार घट्ट असूनही चालत नाही. सोडियम १४० असताना निम्मे रेणू भरलेले आणि निम्मे रिकामे राहतील, इतपतच सैल पकड हवी, नाहीतर १२० आणि १४० मधला फरकच दिसणार नाही. अतिनील दिव्याऐवजी साध्या निळ्या प्रकाशावर चालणारा भाग हवा, कारण यंत्र स्वस्त व्हायला हवं. हे सगळं बेलफास्टच्या लोकांनी आणि अमेरिकेतल्या ए.व्ही.एल. कंपनीच्या रसायनज्ञांनी मिळून वर्षानुवर्षं घासून घासून केलं. पुढे रोश या औषध कंपनीने ती कंपनी घेतली, त्यानंतरही मालक बदलत गेले. पाण्यात नीट काम करणाऱ्या पोटॅशियमच्या सेन्सरचा शोधनिबंध २००३ साली आला. मेथॅनॉलपासून इथपर्यंत १७ वर्षं. या शेवटच्या टप्प्याला कंपनी लागते, भांडवल लागतं, चौथ्या पायरीपुढची योजनाही लागते. मी त्या योजनेच्या विरुद्ध नाही. फक्त तिला खालून पुरवठा कोण करणार, एवढंच विचारतोय.

आता त्या प्रसिद्ध गेटकडे येऊ. १९९३च्या रेणूत अँथ्रासीनला दोन पकडणारे भाग जोडले होते. अमाइन प्रोटॉनसाठी आणि क्राउन ईथर सोडियमसाठी. दोनांपैकी एक जरी रिकामा राहिला तरी तिथला इलेक्ट्रॉन उडी मारतो आणि चमक विझते. दोन्ही भरले तरच उजेड. बँकेच्या लॉकरला तुमची आणि मॅनेजरची अशा दोन्ही किल्ल्या लागतात तसं. संगणकाच्या भाषेत हे 'अँड' गेट. सहलेखक निमल गुणरत्ने आणि कॉलिन मॅकॉय. ज्या बूलच्या बीजगणितावर, म्हणजे फक्त 'एक' आणि 'शून्य' यांच्या गणितावर, सगळे संगणक चालतात तो जॉर्ज बूल १८४९पासून कॉर्कच्या क्वीन्स कॉलेजात शिकवत होता, आणि बेलफास्टचं क्वीन्स हे त्याच वेळी स्थापन झालेलं त्याचं भावंड. बूलचं बीजगणित विजेच्या मंडलांना लागू पडतं हे क्लॉड शॅनन यांना १९३७ साली सुचेपर्यंत ते तत्त्वज्ञानाच्या कपाटातच पडून होतं म्हटलं तरी चालेल. बूलला कोणी तयारीची पायरी विचारली नाही हे आपलं नशीब.

'रेणूंचा संगणक' म्हटल्यावर वर्तमानपत्रांना मथळा मिळाला, आणि इथून गोष्ट थोडी बिघडली. १९९४ साली लेनर्ड एडलमन यांनी डीएनएच्या धाग्यांकडून सात शहरांच्या प्रवासाचं कोडं सोडवून घेतलं. मग सिलिकॉनचे दिवस भरले अशी भाषा सुरू झाली. २००२ साली बेल लॅब्जच्या यान हेन्ड्रिक शॉन यांचे रेणूंच्या ट्रान्झिस्टरबद्दलचे चकचकीत निष्कर्ष बनावट असल्याचं चौकशी समितीने सांगितलं. २००७ साली कॅलिफोर्नियात १,६०,००० बिटांची रेणूंवर चालणारी स्मृती प्रत्यक्ष बनली, आणि ती खरी होती, पण दुकानात आली नाही. तोवर सिलिकॉन थांबून राहिलेलं नव्हतं.

डी सिल्वांच्या गेटनेही कोणाच्या फोनमध्ये जागा पटकावलेली नाही, आणि पटकावणारही नाही असं मला वाटतं. त्याची कारणं सरळ आहेत. सिलिकॉनच्या गेटमध्ये वीज जाते आणि वीजच बाहेर येते, म्हणून एकाला दुसरं जोडता येतं, अब्जावधी जोडता येतात. रेणूत रसायन जातं आणि बाहेर प्रकाश येतो. तो प्रकाश पुढच्या रेणूला आम्ल म्हणून देता येत नाही. शिवाय 'शून्य' करण्यासाठी आम्लावर अल्कली ओतायची, पुन्हा 'एक' करण्यासाठी आम्ल, आणि दर फेरीला भांड्यात मीठ साठत जाणार. वेगाची तर गोष्टच सोडा.

मग हे काम फसलं का? संगणकाच्या मोजपट्टीने हो. पण ती मोजपट्टी आणली कोणी? थोडी पत्रकारांनी आणि बरीचशी शास्त्रज्ञांनी. अनुदानाच्या अर्जात 'मला एक रेणू समजून घ्यायचा आहे' असं लिहून पैसे मिळत नाहीत, 'पुढच्या पिढीचा संगणक' लिहिलं की मिळतात. आपल्याकडे याच खेळाची वेगळी आवृत्ती आहे. प्रत्येक नव्या संयुगाच्या प्रस्तावात शेवटी कर्करोग येतो. ज्याने तो प्रस्ताव लिहिला त्याला ते खोटं आहे हे माहीत असतं, तपासणाऱ्यालाही माहीत असतं, आणि दोघेही सही करतात. लवकर विचारलेल्या प्रश्नाची ही किंमत. आणि हेही कबूल करायला हवं की १९९३नंतर या विषयावर निबंधांचा ढीग पडला. त्यांतल्या पुष्कळांत नेहमीचाच एखादा चमकणारा रेणू घेऊन त्याला गेटचं लेबल चिकटवलेलं असतं. कुतूहलाला मोकळं सोडलं की नेहमी सोनंच निघतं, असा दावा करणाऱ्यांनी हा ढीग एकदा चाळावा.

पण डी सिल्वांचं स्वतःचं पुढचं काम बघा. सिलिकॉनशी कुस्ती धरायचा सोस त्यांनी फारसा केला नाही, जिथे तार पोचत नाही तिथे ते गेले. २००६ साली त्यांच्या गटाने सोडियम, प्रोटॉन आणि झिंक तिन्ही असतील तरच उजळणारा रेणू केला. डॉक्टर तीन रिपोर्ट शेजारी ठेवून एक निष्कर्ष काढतो, तो निष्कर्ष नमुन्यात विरघळलेल्या रेणूनेच काढावा ही कल्पना. त्याच वर्षी त्यांनी बारीक मण्यांना ओळख देण्याची युक्ती दाखवली. मिलिमीटरच्या दहाव्या हिश्श्याएवढा पॉलिमरचा मणी. अशा हजारो मण्यांतला प्रत्येक मणी वेगळा ओळखायचा तर त्यावर चिप बसत नाही. पण वेगवेगळे गेट-रेणू चिकटवले, मणी आम्लात धुतले आणि मग अल्कलीत धुतले, तर कोण उजळलं आणि कोण विझलं यावरून ओळख पटते. इथे वेग नको, अब्ज गेट नकोत, गेटांची साखळीही नको. २०१५ साली तर साध्या कागदावर, प्रकाशात धरलेल्या आकृतीची नुसती कडा उमटवून दाखवली. संगणकाला हे काम करताना बरंच गणित करावं लागतं. मला या कागदाचं काम सगळ्यात जास्त आवडतं, आणि त्याचा उपयोग मला अजिबात सांगता येणार नाही.

आता खरा आक्षेप. कोलंबोत बीज पडलं, पण यंत्र अमेरिकेत बनलं, नफा तिकडे झाला, शास्त्रज्ञ बेलफास्टला गेला. श्रीलंकेच्या करदात्याला काय मिळालं? गरीब देशाने असल्या भानगडीत पडावंच कशाला? दुसऱ्याने शोधलेलं विकत घ्यावं, पैसा काय झाडाला लागतो? हा आक्षेप मी हसण्यावारी नेत नाही, कारण भारतातल्या प्रयोगशाळांचीही हीच कहाणी आहे. माझं उत्तर असं की तो देश तोट्यात गेला तो पहिल्या पायरीवर पैसे घातले म्हणून नाही. पहिली पायरी मुळात स्वस्तच होती. एक चांगला डोळस माणूस, एक-दोन विद्यार्थी, काही रसायनं आणि प्रकाश मोजणारं एक यंत्र, यापलीकडे त्या कामाला फार काही लागत नाही. तोटा झाला तो युद्धामुळे, आणि दुसऱ्या-तिसऱ्या पायरीवर हात द्यायला कोणी नव्हतं म्हणून. भारतात युद्ध नाही, पैसाही अगदीच नाही असं नाही. तरी संशोधनावरचा आपला एकूण खर्च राष्ट्रीय उत्पन्नाच्या ०.६४ टक्के आहे, आणि तो वर्षानुवर्षं तिथेच घुटमळतोय. विकत घेण्याचं म्हणाल तर विकत काय घ्यायचं हे कळायलाही माणसं लागतात. ज्याने आयुष्यात कधी स्वतः सेन्सर केला नाही तो कंपनीच्या माणसाने दाखवलेला आलेख बघून मान डोलावतो, आणि कॅसेटच्या किमतीत घासाघीस करायची कशावर हे त्याला ठाऊक नसतं.

मग करायचं काय? १ लाख कोटींतला अगदी लहानसा वाटा, टक्का-दोन टक्के म्हणा, पहिल्या तीन पायऱ्यांसाठी अनुदान म्हणून बाजूला काढता येईल. कर्ज म्हणून नव्हे, कारण न सापडलेल्या गोष्टीवर हप्ता कसला भरणार? रकमा लहान ठेवाव्यात आणि पुष्कळांना द्याव्यात. अर्जातला अपेक्षित उपयोगाचा रकाना ऐच्छिक करावा, म्हणजे कर्करोगाची आणि संगणकाची भरती आपोआप कमी होईल. उपयोग विचारावा, जरूर विचारावा, पण दहा वर्षांनी, आणि तेव्हा मात्र कडकपणे. ज्याने दहा वर्षांत नुसती लेबलं चिकटवली त्याला पुन्हा पैसे देऊ नयेत. पीएच.डी. करणाऱ्या मुलांची महिना ३७,००० रुपयांची फेलोशिप महिन्याच्या महिन्याला खात्यात पडावी. चार-सहा महिने थकली की हुशार मुलगा कोचिंग क्लासमध्ये शिकवायला जातो, आणि एकदा गेलेला सहसा परत येत नाही.

आणि यंत्रांचं काहीतरी करा. ज्या यंत्रावर असे चमकणारे रेणू मोजतात त्यात झेनॉनचा दिवा असतो, आणि ठरावीक तास जळला की तो बदलावा लागतो. मी ज्या एका विभागात काही काळ शिकवलं तिथे हे यंत्र कुठल्याशा योजनेतून थाटात आलं होतं, उद्घाटनाची फीतही कापली गेली होती. दिवा गेला तेव्हा कळलं की यंत्र घ्यायला रक्कम होती, दिव्यासाठी खर्चाचं शीर्षकच नव्हतं. दिव्याची किंमत यंत्राच्या किमतीच्या मानाने किरकोळ. पण लेखा विभागाचं म्हणणं असं की 'उपभोग्य वस्तू' चालू प्रकल्पातूनच घ्याव्यात, आणि चालू प्रकल्प नव्हता, कारण यंत्र बंद असताना प्रस्तावाला लागणारी प्राथमिक निरीक्षणं कोणी देऊ शकत नव्हतं. ही फाइल वर-खाली फिरत असताना मुलांच्या दोन तुकड्या अँथ्रासीनची चमक पुस्तकातल्या काळ्या-पांढऱ्या आलेखात बघून पास झाल्या.